कुठल्याच कंपनीचा नसलेला नट

जपानी दिग्दर्शक मासाकी कोबायाशींच्या ‘हाराकिरी’ची पात्रयादी एकदा वयांच्या अंगाने तपासून पाहावी. चित्रपट १९६२चा. एक सामुराई पोट चिरून मरण्याची परवानगी मागत सरदाराच्या वाड्यात येतो, ती त्याची गोष्ट. तो सामुराई झालेले नट तात्सुया नाकादाई त्यात सासरे आहेत, लग्न झालेल्या मुलीचे वडील आहेत, नातवाचे आजोबा आहेत. त्या वेळी त्यांचं वय २९. जावई झालेले अकिरा इशिहामा २७ वर्षांचे, लेक झालेल्या शिमा इवाशिता २१ वर्षांच्या. समोर ओसरीवर वाड्याचे कारभारी म्हणून बसलेले रेंतारो मिकुनी ३९ वर्षांचे, म्हणजे ‘म्हाताऱ्या’ पाहुण्यापेक्षा दहा वर्षांनी मोठे. पडद्यावर हा हिशेब कुणालाही खटकत नाही. रंगभूषा बेताचीच आहे. वाढलेली दाढी, विस्कटलेले केस, विटलेला किमोनो. वय आलंय ते आवाजातून.

नाकादाईंनी या सामुराईसाठी, म्हणजे हान्शिरोसाठी, आवाज तळाला नेला. हळू बोलणं आणि खालच्या पट्टीत बोलणं या वेगळ्या गोष्टी आहेत, आणि तरुण नट म्हातारा करायला निघाला की इथेच फसतो. तो आवाज बारीक करतो, थरथरवतो, मध्ये खोकतो. हान्शिरोचा आवाज भरदार आहे, फक्त त्याला कसलीही घाई नाही. वाक्य संपल्यावर तो लगेच श्वास घेत नाही, तसाच थांबतो, आणि समोरच्याला उत्तर द्यावं की नाही असा प्रश्न पडतो. जवळपास अख्खा चित्रपट हा माणूस वाड्याच्या अंगणात चटईवर गुडघे मोडून बसलेला आहे. तसं बसलं की नटाकडे काय उरतं? मान, मांड्यांवर ठेवलेले दोन हात, डोळे आणि आवाज. येरझाऱ्या नाहीत, वळणं नाहीत, हातात खेळवायला वस्तू नाही. त्या बैठकीवरून नाकादाई एकेका सामुराईचं नाव घेऊन त्याला बोलवायला सांगतात, प्रत्येक वेळी ‘तो आजारी आहे’ असा निरोप येतो, आणि त्यांच्या चेहऱ्यावरची रेष हलत नाही. हसू फुटतं ते नंतर. ते हसू ऐकलं की कळतं, या माणसाने आत पाऊल टाकण्याआधीच सगळा हिशेब मांडून ठेवलेला आहे.

या आवाजावरून सेटवर वादही झाला होता. मिकुनी मुरलेले सिनेनट. माइक जवळ आहे तर ओरडायचं कशाला, हा त्यांचा सवाल. नाकादाई नाटकातले. माझ्यापासून कारभारी इतक्या अंतरावर बसलाय, तर आवाज तेवढं अंतर तोडूनच गेला पाहिजे, हे त्यांचं म्हणणं. कोबायाशींनी निवाडा न देता दोघांना आपसात मिटवू दिलं. पडद्यावर जे आहे त्यात दोघेही बरोबर ठरतात. कारभारी सत्तेत आहे, त्याला आवाज चढवायची गरजच नाही. हान्शिरो अंगणात आहे, त्याला वाड्यातल्या शेवटच्या माणसापर्यंत पोचायचं आहे. दोन अभिनयपद्धतींतलं अंतर आपोआप दोन माणसांच्या दर्जातलं अंतर होऊन बसलं.

आणखी एक गोष्ट. ‘हाराकिरी’चा सगळा गळा बांबूच्या तलवारीभोवती आवळलेला आहे. गरिबीने खरी पाती विकून टाकलेल्या जावयाला त्याच बांबूने पोट चिरायला लावतात. सामुराईपटांत एरवी नटांच्या हातातही हलकी, वर्ख लावलेली खोटी पातीच असतात, त्यामुळे हात भराभर फिरतात. पण माळरानावर, वाऱ्यात, तेत्सुरो ताम्बांबरोबर नाकादाईंची जी लढत आहे, तिथे कोबायाशींनी खऱ्या तलवारी दिल्या. पोलादाला वजन असतं, म्हणून वार सुरू व्हायला वेळ लागतो आणि थांबायला त्याहून जास्त. शिवाय चुकलं तर बोट जाईल हे दोघांनाही माहीत. म्हणून त्या लढतीत दोघं एकमेकांपासून दूर उभे राहतात, कंबर खाली सोडून, पाय रोवून. बराच वेळ काहीच घडत नाही. नृत्यदिग्दर्शकाने बसवलेल्या हाणामारीला ही भीती आणता येत नाही.

हा आवाज आणि हे शरीर तयार झालं ते हाइयूझा या नाटकमंडळीच्या शाळेत. नाकादाईंचा जन्म १९३२चा, तोक्योतला. वडील लवकर गेले, घरात गरिबी, बालपण युद्धात करपलेलं. १९५२ साली ते या शाळेत दाखल झाले. मंडळीचे सूत्रधार कोरेया सेंदा म्हणजे जपानी रंगभूमीवर जर्मन नाटककार ब्रेख्त रुजवणारा माणूस. अभ्यासक्रम तीन वर्षांचा. आवाज, उच्चार, शरीर आणि पाश्चात्त्य नाटकांच्या तालमी यांत ही तीन वर्षं जात. तिथे एक गोष्ट मात्र शिकवली जात नव्हती: सामुराईसारखं चालणं.

ते कळलं दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या ‘सेव्हन सामुराई’च्या सेटवर. गावकरी सामुराई शोधत रस्त्यात उभे आहेत आणि समोरून तलवारवाले येत-जात आहेत, त्यातला एक हा शाळकरी नट. पडद्यावर जेमतेम काही सेकंद. चालणं कुरोसावांना पसंत पडेना. पुन्हा, पुन्हा, पुन्हा. सकाळी नऊला सुरू झालेलं चालणं दुपारी तीनपर्यंत चाललं, बाकी सगळे खोळंबलेले, असं नाकादाई पुढे आयुष्यभर सांगत आले. चूक काय होत असावी हे समजायला कमरेच्या तलवारींकडे पाहावं. दोन्ही डाव्या बाजूला खोचलेल्या, लांब तलवारीचं म्यान मागे हातभर बाहेर. शहरातला माणूस चालताना कंबर डोलवतो, टाच आपटतो, पावलागणिक खालीवर होतो, आणि म्यानाचं टोक हे सगळं दुपटीने दाखवतं. तिथे नट शेपटी हलवणाऱ्या प्राण्यासारखा दिसू लागतो. उपाय सांगायला सोपा आहे. वजन बेंबीच्या खाली ठेवायचं, गुडघे किंचित सैल, पाऊल उचलण्याऐवजी सरकवायचं, डोकं एका पातळीत. अंगवळणी पडायला वर्षं जातात. काही वर्षांनी कुरोसावांनी ‘योजिंबो’साठी बोलावलं तेव्हा नाकादाईंनी आधी नकारच दिला होता, त्या दिवसाची जखम एवढी ताजी होती. कुरोसावांनाही तो दिवस आठवत होता. त्यांनी आग्रह सोडला नाही.

आता करारांविषयी, कारण या माणसाच्या सत्तर वर्षांच्या कारकिर्दीचा पाया मला तिथेच दिसतो. १९५३ साली शोचिकु, तोहो, दाईएई, शिन्तोहो आणि तोएई या पाच बड्या चित्रपट कंपन्यांनी आपसात ठराव केला: एकमेकांचे नट, दिग्दर्शक फोडायचे नाहीत, उसनेही द्यायचे नाहीत. निक्कात्सु नंतर त्यात आली. नट एकदा कंपनीत गेला की महिन्याचा पगार पक्का, प्रसिद्धी पक्की, आणि चेहराही पक्का. तोच लढवय्या, तोच प्रेमिक, वर्षाला ढीगभर चित्रपट. नाकादाईंच्या पाठी कंपन्या लागल्या होत्या. त्यांनी सही केली नाही. ते हाइयूझाचे राहिले आणि बोली अशी, की वर्षाचे साधारण सहा महिने नाटकाचे, उरलेले सिनेमाचे.

याचा परिणाम पाहायचा तर १९५८ ते १९६२ एवढी पाचच वर्षं घ्यावीत. दाईएईत कोन इचिकावांचे ‘एंजो’ आणि ‘कागी’. शोचिकुत कोबायाशींचा ‘द ह्यूमन कंडिशन’ आणि मग ‘हाराकिरी’. तोहोत मिकिओ नारुसेंचा ‘व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स’, कुरोसावांचे ‘योजिंबो’ आणि ‘सांजुरो’. करारातल्या नटाला या भिंती ओलांडताच आल्या नसत्या. किंमत होतीच. नाटकाच्या तारखा लागल्या की सिनेमा हातचा जातो, मिळकतीचा वाटा मंडळीला जातो, आणि पोस्टरवर ज्याच्या नावाने गर्दी जमते असा ठरावीक ‘हिरो’ तुम्ही कधी होत नाही. ‘योजिंबो’चे नायक तोशिरो मिफुने यांचं नाव घेतलं की मिफुनेच डोळ्यांपुढे येतात. नाकादाई म्हटलं की आधी विचारावं लागतं, कुठले?

‘द ह्यूमन कंडिशन’ची लांबी साडेनऊ तासांहून जास्त. सहा खंड, तीन चित्रपटांत वाटलेले, पहिले दोन १९५९चे, तिसरा १९६१चा. जुन्पेई गोमिकावांच्या कादंबरीतला काजी दुसऱ्या महायुद्धात जपानच्या ताब्यातल्या मांचुरियात खाणीवर मजुरांचा अधिकारी म्हणून जातो, चिनी कैद्यांची बाजू घेतल्याने त्याला सैन्यात ढकलतात, आणि शेवटी पराभूत सैन्यातला भटका होऊन तो बर्फात चालत राहतो. कोबायाशी स्वतः मांचुरियात शिपाई होते आणि त्यांनी बढती नाकारली होती. त्यामुळे बराकीतला छळ त्यांना ‘वाटेल असा’ नको होता. थपडा खऱ्या बसल्या, तोंड सुजलं. शेवटच्या दृश्यात नाकादाई अंगावर बर्फ साचेपर्यंत पडून राहिले. या गोष्टी ऐकायला थरारक असल्या तरी अभिनयाचं खरं काम दुसरीकडे आहे. पहिल्या भागातला काजी भराभर बोलतो, वाद घालतो, मुद्दा सोडत नाही. सुशिक्षित माणसाची ती घमेंड आहे. दुसऱ्या भागात वाक्यं तुटतात, कारण बराकीत उत्तर दिलं की मार बसतो. तिसऱ्यात तो बायकोशी मनातल्या मनात बोलत राहतो आणि तोंडातून निघतात ते हुकूम. मधल्या काळात या नटाने दुसरे चित्रपट केले, नाटकं केली, आणि दर वेळी काजीचं बेअरिंग जिथे सोडलं होतं तिथूनच उचललं.

कुरोसावांनी त्यांना वापरलं ते मिफुनेंच्या विरुद्ध टोक म्हणून. ‘योजिंबो’तला उनोसुके गावात एकटाच पिस्तूल बाळगतो, गळ्यात परदेशी मफलर, चेहऱ्यावर गोड हसू. मिफुनेंचा नायक बेवारशी कुत्र्यासारखा खांदे उडवत, मान खाजवत चालतो. हा मात्र सरपटल्यासारखा येतो, किमोनोच्या आत हात ठेवून. पुढच्याच वर्षी ‘सांजुरो’चा शेवट आला: दोघं हातभर अंतरावर, निश्चल, आणि मग एकच वार. नाकादाईंच्या कपड्यांखालून नळी घेतली होती. रक्त ठरल्यापेक्षा कितीतरी जास्त दाबाने उसळलं आणि त्या धक्क्याने नटाचा तोल जायच्या बेतात आला. त्यांनी बेअरिंग सोडलं नाही. कुरोसावांनी तोच टेक ठेवला, आणि पुढे कित्येक वर्षं जपानी तलवारपटांत रक्ताचे कारंजे उडत राहिले. अनुकरण करणाऱ्यांच्या एक गोष्ट लक्षात आली नाही. कारंजाआधीची निश्चलता नसेल तर कारंजा म्हणजे नुसता फुटलेला नळ.

१९६६ हे वर्ष या नटाच्या सगळ्यात कठीण परीक्षेचं म्हणता येईल, कारण दोन चित्रपटांनी त्यांच्याकडून चेहराच काढून घेतला. हिरोशी तेशिगाहारांच्या ‘द फेस ऑफ अनदर’मध्ये तोंड भाजलेला माणूस सुरुवातीचा बराच काळ पट्ट्यांत गुंडाळलेला आहे. तिथे सगळी कटुता, बायकोला दिलेले टोमणे, स्वतःची कीव, हे केवळ आवाज आणि मानेच्या झुकावातून येतं. मग अनोळखी माणसाच्या चेहऱ्यावरून बेतलेला मुखवटा चढतो, तो नाकादाईंचाच चेहरा. आता नटाला आपलाच चेहरा परका म्हणून वापरायचा आहे! गालाचे स्नायू किंचित उशिरा हलतात, भुवई उचलल्यावर तिच्या मागून डोळा येतो. दुसरा चित्रपट किहाची ओकामोतोंचा ‘द सोर्ड ऑफ डूम’. इथला र्‍युनोसुके कशानेच ढवळत नाही, पापणीही लववत नाही, आणि मनातलं सगळं तलवार खाली धरण्याच्या ढबेत उतरतं. शेवट अचानक गोठलेल्या चौकटीवर होतो, कारण पुढचे भाग काढायचा बेत होता आणि ते निघालेच नाहीत. काहींना तो शेवट थोर वाटतो. मला तो अपघाताने थोर झालेला वाटतो.

‘योजिंबो’ची कथा न विचारता उचलून इटलीत एक गाजलेला वेस्टर्न बनला होता. १९६८ साली नाकादाई स्वतःच एका इटालियन वेस्टर्नमध्ये खलनायक म्हणून हजर झाले, हातात कोयता. चित्रपट काही विशेष नाही, पण उनोसुकेने जाऊन आपलं घेणं वसूल केल्यासारखी गंमत त्यात आहे.

कुरोसावांचा ‘कागेमुशा’ नाकादाईंसाठी लिहिलेला नव्हता. भूमिका शिंतारो कात्सूंची होती. चित्रीकरणाच्या अगदी सुरुवातीला, कात्सूंनी स्वतःचं काम टिपायला व्हिडिओ कॅमेरा आणला यावरून कुरोसावांशी खटका उडाला आणि ते गेले. नाकादाईंना ऐन वेळी सरदार शिंगेन आणि त्याचा तोतया चोर, अशी दुहेरी जबाबदारी उचलावी लागली. चित्रपटाला १९८०चा कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, तरी खरं सांगायचं तर चोराच्या भूमिकेत कात्सूंची उणीव भासते. तो चोर आतून हलका, चावट हवा होता. नाकादाईंचा चोर पहिल्यापासूनच थोडा जड आहे, जणू आपली शोकांतिका होणार हे त्याला आधीच ठाऊक आहे. शिंगेन मात्र बिनतोड.

‘रान’ १९८५चा, शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’वर बेतलेला. लिअर म्हटलं की मराठी माणसाला गणपतराव बेलवलकर आठवतात, पण त्या आठवणीने ‘रान’मधल्या राजाकडे, हिदेतोराकडे पाहू नये. बेलवलकरांची कणव येते. हिदेतोराने दुसऱ्यांचे किल्ले जाळले आहेत, सुनांची माहेरं बुडवली आहेत. कुरोसावांनी लिअरला भूतकाळ दिला आणि तिथेच सगळं वजन बदललं. पन्नाशी नुकतीच ओलांडलेल्या नटाला सत्तरीचा करायला रोज काही तासांची रंगभूषा लागे, आणि ती जपानच्या पारंपरिक नोह नाटकातल्या मुखवट्याकडे झुकणारी होती. म्हणजे चेहरा पुन्हा गेलाच. फुजीच्या उतारावर किल्ला खरोखर उभारला होता आणि खरोखर जाळला. दुसरी संधी नाही. जळत्या दारातून बाहेर येऊन, हातात रिकामं म्यान घेऊन, नाकादाईंनी त्या उंच पायऱ्या खाली न बघता उतरायच्या होत्या. खाली पाहिलं तर वेडा झालेला राजा संपला आणि पाय जपणारा नट दिसला. पाहिलं नाही तर अडखळण्याची भीती, मागे ज्वाळा, पुढे दोन बाजूंना विभागलेलं सैन्य. ते सरळ उतरतात, पाऊल सरकवत, डोकं एका पातळीत. ज्या दिग्दर्शकाने सहा तास चालायला लावलं होतं, त्यानेच तीस वर्षांनी अख्खा किल्ला या चालण्यावर लावला.

दरम्यान १९७५ साली नाकादाई आणि त्यांच्या पत्नी, नटी व नाट्यदिग्दर्शक यासुको मियाझाकी, यांनी मुमेइजुकु ही शाळा काढली. शिक्षण तीन वर्षांचं, फी नाही. उमेदवार शेकड्याने येत, घेतले जात मोजके. त्यात तोक्योच्या एका वॉर्ड कचेरीत नोकरी करणारा हाशिमोतो नावाचा तरुण होता. त्या नोकरीवरूनच नाकादाईंनी त्याला पडद्यासाठी ‘याकुशो’ हे आडनाव दिलं. २०२३ साली कानला सर्वोत्तम अभिनेता ठरलेले कोजी याकुशो ते हेच. ‘हाराकिरी’ची कथा २०११ साली पुन्हा पडद्यावर आली तेव्हा कारभाऱ्याच्या जागी याकुशो बसले होते, म्हणजे गुरूने ज्याच्याकडे रोखून पाहिलं त्या आसनावर.

शाळेची शिबिरं नोतो द्वीपकल्पातल्या नाकाजिमा गावी होऊ लागली आणि त्यातून १९९५ साली तिथे नाट्यगृह उभं राहिलं. रंगमंचाची मागची भिंत उघडते आणि प्रेक्षकांना थेट बाहेरची झाडं, टेकडी दिसते. ‘मॅकबेथ’मध्ये तिथून खरे घोडे आणले होते. सोय मोठी, पंचाईतही तेवढीच. मागचं दार उघडलं की आवाज बाहेर पळतो, आणि नटाच्या छातीत ताकद नसेल तर शेवटच्या रांगेला काही कळत नाही. १ जानेवारी २०२४च्या भूकंपाने नोतो हादरलं. २०२५ साली, ९२व्या वर्षी, नाकादाई त्याच नाट्यगृहात ब्रेख्तच्या ‘मदर करेज’मध्ये उभे राहिले. त्याच वर्षी ८ नोव्हेंबरला ते गेले.

नव्याने पाहणाऱ्याने ‘रान’पासून सुरुवात करू नये, तिथे नटाआधी किल्ले, घोडे आणि रंग डोळ्यांत भरतात. नारुसेंचा ‘व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स’ आणि ‘योजिंबो’ लागोपाठ पाहावेत. दोन्हींत सव्वा वर्षाचं अंतर आहे, एकात तोक्योच्या गिंझा भागातल्या बारचा अबोल व्यवस्थापक, दुसऱ्यात पिस्तूलवाला साप, आणि दोघांची चाल शेजारी ठेवून बघता येते. मग ‘हाराकिरी’, तोही चांगल्या हेडफोनवर, कारण फोनच्या स्पीकरवर खालच्या पट्टीतलं सगळं काम वाहून जातं. ‘द ह्यूमन कंडिशन’ सहा खंडांचा आहे तर सहा बैठकींतच घ्यावा. एका रविवारी उरकण्याचा पराक्रम करणारे शेवटच्या खंडापर्यंत पेंगलेले असतात, आणि नाकादाईंनी सगळ्यात बारीक काम तिथेच केलेलं आहे.